अन्सामावशी आमच्या घरी का जेवत नव्हती

सुरेखाचा फोन आला तेव्हा मी नववीच्या वह्या तपासत होते. नाव बघितलं आणि मनात पहिला विचार आला तो असा, की आता हिला काय हवंय? खोटं कशाला बोलू... माणूस गेल्यावर लिहायला बसलं की हात आपोआप गोड लिहायला लागतो, म्हणून आधीच सांगून टाकते. परंदवडीत माझे वडील, आबा, एकटे राहतात. त्यांच्या शेजारच्या अनसूयाबाईंची ही सून. "ताई, आमच्या सासूबाई गेल्या सकाळी. झोपंतच. आबांना तुमीच येऊन सांगा, माझ्याच्यानं सांगवंना," ती म्हणाली आणि रडायला लागली. मी काय विचारावं? "काल तर बऱ्या होत्या ना? मग अचानक कशा काय?" चौकीतल्या हवालदारासारखं विचारलं मी. पलीकडे ती हुंदके देत होती आणि मी तळेगावात स्कूटीची किल्ली शोधत, ही आपल्यापासून काही लपवत तर नाही ना, याचा अंदाज घेत होते. त्याला आज पाच आठवडे झाले.

संशय हा माझा स्वभावच आहे. दूधवाला नवा आला की मी दूध बोटावर घेऊन बघणार, रिक्षावाल्यानं जवळचा रस्ता सुचवला की मी लांबचाच धरायला लावणार. आई म्हणायची, "हिला पुनवंचा चांद दावला तर म्हागली बाजू बघू म्हनंल." मी विज्ञान शिकवते, त्यामुळे चंद्राची मागची बाजू आपल्याला इथून दिसतच नाही, हे मी तिला समजावून सांगितलं होतं. ती कपाळावर हात मारून चुलीकडे वळली होती. अशी मी. तर ज्या बाईवर मी सात वर्षं न चुकता संशय घेतला, तिच्याबद्दल हे लिहिते आहे. अनसूयाबाईंना सगळं गाव अन्सामावशी म्हणायचं. मीही म्हणायचे, पण माझ्या तोंडातली मावशी जरा कोरडीच होती.

आबा रेल्वेत गँगमन होते. सारी नोकरी लोणावळ्याच्या घाटात रूळ तपासत, चालत काढली. ढगात, चिखलात, दरड कोसळली तरी हा माणूस घरी येऊन दोन भाकऱ्या हाणायचा. पण सात वर्षांपूर्वी आई गेली आणि त्यांची भूकच गेली. ताट समोर आलं की नुसतं बघत बसायचे. मी तळेगावाला चला म्हणाले, तर "न्हाई" एवढंच. डबा लावला, तो कुत्र्याच्या पोटात जायला लागला. अशात एका शनिवारी, सकाळची शाळा सुटल्यावर मी आले, तर आबा वाटीतून काहीतरी भुरकत होते. खरंच भुरकत होते! आवाज करून. स्वयंपाकघरात अन्सामावशी उभी. मी विचारलं, काय केलंत? "काय न्हाई गं, पातळ शेवया." घरात जे होतं त्यातनंच केलेलं. लसूण ठेचून तेलात, जिरं, चार मिरी, चिमूट हळद. हुलग्याचं पीठ, म्हणजे कुळथाचं, पाण्यात कालवून त्यात सोडलेलं. उकळी आली की उन्हाळ्यात केलेल्या हाताच्या शेवया मोडून टाकायच्या, दोन आमसुलं, मीठ. दहा मिनिटांत होतं. माझी मुलगी हॉस्टेलवर पाकिटातल्या नूडल्स करते, त्याला तरी काय वेगळा वेळ लागतो? पण गव्हाच्या शेवया आमच्याकडे फक्त खिरीत, नाहीतर दूधगुळात. तिखटमिठाच्या रश्शात शेवया कोण घालतं? मला तिथंच पहिली शंका आली.

आता तुम्ही म्हणाल, म्हाताऱ्याला कुणी गरम चार घास करून घालतंय तर हिच्या पोटात का दुखावं? थांबा. आमचे आजा-आजी छप्पन साली बौद्ध झाले. त्याआधीचं आणि त्यानंतरचंही बरंच काही आजीच्या तोंडून मी ऐकलं आहे. शेजारच्या वाड्यावर, म्हणजे ह्याच अन्सामावशीच्या सासरी, आजी भातकापणीला जायची. तहान लागली की मावशीची सासू लांब उभी राहून वरून पाणी ओतायची, आणि आजी ओंजळीत घेऊन प्यायची. निम्मं पाणी कोपरावरून मातीत. आजी हे सांगताना रडायची नाही, हसायची, आणि मला त्या हसण्याचाच जास्त राग यायचा. त्या घरची सून आज आमच्या स्वयंपाकघरात येऊन, आमच्या पातेल्यात, आमच्या पाण्यात शेवया शिजवते? का? रस्त्यालगतची आमची जागा, कारखाने आंबी गावापासून इकडे सरकत आलेले, एजंट गावात घिरट्या घालणारे. एकदा तर तिनं मला सहज विचारलं, "जागा आबांच्याच नावावर हाय व्हय अजून?" सहज! मी घरी जाऊन सातबारा काढून बघितला.

आणि सगळ्यात मोठा पुरावा माझ्याकडे होता तो हा, की ती आमच्या घरी काही खात नव्हती. मी कधीही जावं, शेवयांचा वास घरभर, आबा खाऊन तृप्त, आणि ही कोरड्या तोंडानं उभी. "मावशी, घ्या की थोडं." "आत्ताच झालं बाय माजं." चहा? "आत्ताच घेतला." बिस्किट? "दातात आडकतं." शनिवारमागून शनिवार. द्यायला चालतं, घ्यायला चालत नाही, हे मला कुणी शिकवायची गरज नव्हती. बुद्धपौर्णिमेला मी मुद्दाम खीर केली आणि वाटी तिच्या हातात देऊन समोर उभी राहिले. परीक्षाच घेत होते म्हणा ना. तिनं वाटीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, वाटी पदराखाली घेतली आणि म्हणाली, "घरी न्हेऊन खाते." मी कुंपणाशी जाऊन बराच वेळ तिच्या कोंबड्यांवर लक्ष ठेवून होते, खीर त्यांच्यापुढे पडते का बघायला. काही दिसलं नाही. पुढच्या शनिवारी वाटी परत आली ती भुईमुगाच्या शेंगा भरून, कारण शेजारच्या घरी रिकामं भांडं परत देत नाहीत. मी शेंगा घेतल्या आणि मनात म्हटलं, बघ, आमच्या खिरीची लगेच फिट्टंफाट करून टाकली.

याहून लाजिरवाणी गोष्ट सांगते. वर्गात मी मुलांना बुवाबाजी, करणी, अंगारा यावर तासभर बोलते. पोरं टाळ्या वाजवतात. आणि आबा त्या शेवयांची वाट बघत दारात बसायला लागले, "अन्सा आली न्हाई अजून" म्हणायला लागले, तेव्हा ह्याच विज्ञानाच्या बाईनं पातेल्यातला रस्सा एका बाटलीत भरून शाळेच्या प्रयोगशाळेत नेला. काय शोधत होते, मलाही माहीत नव्हतं. निळा लिटमस बुडवला, तो लालभडक झाला. सापडलं, म्हटलं! मग आमसूल आठवलं. सातवीतलं पोरगंही सांगेल, आंबट ते आम्ल. बाटली बेसिनमध्ये रिकामी करून मी खिडकी उघडली, कारण सगळ्या प्रयोगशाळेत लसणाचा वास सुटला होता. त्या दिवशी माझं मला हसू आलं, पण शंका गेली म्हणाल तर नाही. उलट वाटलं, काही सापडत नाही म्हणजे बाई हुशार आहे.

गेल्या दिवाळीनंतर माझा संयम सुटला. ती पातेलं खाली उतरवत होती, आबा खाटेवर बसले होते. मी विचारलं, "मावशी, एक सरळ सांगाल? आमच्या घरचं शिजलेलं तुम्हाला चालत नाही का? मला वाईट वाटणार नाही." शेवटचं वाक्य धडधडीत खोटं होतं. ती गांगरली. "काय बोलतीस बाय... माजा हातच अस्तो की त्यात सगळा." "हात असतो, तोंड नसतं," मी म्हणाले. वर्गात पोराला कॉपी करताना धरल्यावर जो आवाज लागतो ना माझा, तोच लागला. आबा काहीतरी बोलणार होते, तर तिनं हातानंच त्यांना थांबवलं. दोघांमध्ये काहीतरी आहे, हे मी तेव्हाही टिपलं. तिनं आबांची वाटी भरली, त्यांच्यापुढे ठेवली, आणि "येते म्या" म्हणून गेली. आबांनी त्या दिवशी माझ्याशी बोलणं टाकलं. मावशी दुसऱ्या दिवशी पुन्हा आली, पुन्हा शेवया केल्या, असं मला नंतर कळलं. पण त्यानंतर मी आले की ती नसायचीच. आमचं शेवटचं बोलणं ते. तोंड नसतं... असं म्हणाले मी तिला.

ती गेल्याचं मी आबांना सांगितलं, तेव्हा त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. आणि मग जेवण पुन्हा सुटलं. पहिला आठवडा मला वाटलं, दुःख आहे. दुसऱ्या आठवड्यात वाटलं, हा रुसवा आहे, माझ्यावरचा. तिसऱ्या आठवड्यात त्यांच्या मनगटातलं घड्याळ कोपरापर्यंत वर सरकायला लागलं, तेव्हा माझी घाबरगुंडी उडाली. डॉक्टर म्हणाले, आजार काही नाही, खाल्लं पाहिजे. खाल्लं पाहिजे! हे कळायला डॉक्टर कशाला हवा होता? मी शाळेतून रजा घेतली आणि परंदवडीत मुक्काम टाकला. भाताची पेज करून बघितली, मऊ खिचडी करून बघितली. शेवटी चौथ्या दिवशी दुपारी मांडणीवरचा शेवयांचा डबा खाली काढला. सात वर्षं त्या बाईच्या हातावर डोळा ठेवून उभी होते, त्यामुळे कृती पाठ होती. संशयाचा तेवढा एक फायदा झाला म्हणायचा. लसूण, जिरं, मिरी, हुलग्याचं पीठ, शेवया, आमसूल, मीठ. वाफाळती वाटी आबांपुढे ठेवली.

त्यांनी वास घेतला. मग म्हणाले, "दुसरी वाटी काढ."

"कशाला? ह्यात मावतंय की."

"काढ म्हंतो ना. एकट्याला न्हाई जात."

"एकट्याला म्हणजे? रोज कोण असायचं तुमच्याबरोबर?"

"अन्सा. दुसरं कोन?" आबा म्हणाले. "सात वरसं, रोज दुपारी. तिचा पोरगा आन सून कामाला, तिकडं ती एकली, हिकडं म्या. म्हनायची, आबा, एकटीच्या तोंडात घास नुसता फिरतो."

"जेवायची ती? इथं? आपल्या घरी?"

"मग कुटं? ह्याच पातेल्यातलं, निम्मं तिला, निम्मं मला. तुजी खीरबी हितंच आनून खाल्ली, तू गेल्याव. ग्वाड लय झाली म्हनली."

"मग माझ्यासमोर का नाही कधी?"

आबांनी माझ्याकडं बघितलं. रागानं नाही. रागानं बघितलं असतं तर बरं झालं असतं. "तू बघायचीस कशी," ते म्हणाले. "लय भ्यायची तुला. पोरीला वाटंल म्हातारी फुकाट जेवाया येती, न्हाई तर जाग्यावर डोळा हाय. तुज्यापुढं तिच्या घशाखाली उतरायचं न्हाई. सांगू नगा म्हनली, म्या न्हाई सांगितलं."

आजीला वरून पाणी ओतलं गेलं, ते खरंच होतं. तो राग माझा हक्काचा होता आणि आजही आहे. पण त्याचा हिशेब मी जिच्याकडून वसूल करायला निघाले, ती आमच्या घरात रोज पोटभर जेवत होती, आणि तिला इथं परकं वाटायला लावणारं माणूस एकच होतं. मी. मला लाज वाटली, अगदी अंग चोरून बसावं अशी लाज वाटली. सुरेखाकडे जाऊन मी दुसऱ्या दिवशी हे सगळं सांगितलं, तर तीच माझी समजूत घालत बसली.

त्या दुपारी मी दुसरी वाटी काढली आणि आबांना विचारलं, ती बसायची कुठं. त्यांनी मागच्या दाराकडे बोट केलं. "तितं. उंबऱ्यात." उंबऱ्यात बसून जेवू नये, हे पोरासोरांनाही माहीत असतं, आणि मावशीसारखी जुन्या वळणाची बाई रोज उंबऱ्यात बसून जेवायची? माझ्या कपाळावरची आठी आबांना दिसली असावी. "तितनं दिसतं," ते म्हणाले, आणि वाटी तोंडाला लावली.

मी वाटी घेऊन उंबऱ्यात बसले. समोर भाताची खाचरं, त्यापलीकडे ओढ्यावरचा पूल, आणि मी दर शनिवारी स्कूटीवरून येते तो सोमाटण्याकडचा रस्ता पुलावर वळतो ते वळण अगदी स्वच्छ दिसत होतं. शेवया संपता संपता कुणाची तरी मोटारसायकल त्या वळणावर आली. खात्री करून घेतल्याशिवाय मला राहवत नाही... मी उठले, मोरीत वाटी घासली, विसळली, फळीवर पालथी घातली. मोटारसायकल आमच्या पुढच्या दारावरून गेली, तेव्हा मी पाणी पिऊन, तोंड पुसून, स्वयंपाकघरात नुसती उभी होते.