ओ द्यायची नाही

घाटंजीच्या बाजाराच्या दिवशी, ऐन दुपारी, आम्ही काही माणसं बंद पडलेल्या जिनिंगमध्ये, कापसातून सरकी आणि रुई वेगळी करायच्या कारखान्यात, जाऊन बसायचो आणि होऊन गेलेल्या काळाचे आवाज ऐकायचो. एवढं एक वाक्य लिहायला मला इतकी वर्षं लागली, कारण ही गोष्ट बाहेर सांगायची नाही अशी आमच्या मंडळीत सक्त ताकीद होती. कोणी विचारलंच तर पत्ते खेळायला जातो म्हणून सांगायचं. जुगारी म्हणवून घेणं परवडलं असतं, पण खरं कळलं असतं तर गावानं आम्हाला येड्यात काढलं असतं. माझ्या बायकोनं तर काढलंच होतं.

ती कापसाची वाईट वर्षं होती. माझं शिवणकामाचं दुकान होतं. पोळ्यालासुद्धा नवा सदरा शिवायला कोणी येईना. लोक यायचे ते जुन्याला ठिगळ लावायला आणि कुणाच्या घरी काय झालं ते सांगायला. पायडल मारून मी कधी एवढा थकलो नाही, जेवढा ते ऐकून थकायचो. सांत्वनाचे शब्दही संपले होते. मी मान हलवायचो आणि सुईत दोरा ओवत बसायचो.

मंडळी काढली होती जिनच्या जुन्या फिटरनं. आम्ही सगळे त्यांना काका म्हणायचो. त्यांचं म्हणणं असं, की रुईत आवाज मुरतो. जिन चालू होती तेव्हा भिंतींवर रुईचा थरावर थर बसला आणि त्यात सगळं मुरलं. आता मशीन मुकी झाली, म्हणून ते हळूहळू बाहेर पडतं. ऐकायला हास्यास्पद आहे, मला ठाऊक आहे. पण हंगामात कापूस भरून गेटाबाहेर लागणाऱ्या बंड्यांच्या बैलांची घुंगरं मी त्या भिंतीपाशी स्वतःच्या कानांनी ऐकली आहेत, आणि तेव्हा गेटाबाहेर फक्त धोतऱ्याची झुडपं उरली होती.

बसायची रीत ठरलेली होती. चपला बाहेर काढायच्या. बोलायचं नाही. आवाज आला की पंजा जमिनीला टेकवायचा. दोघांचे पंजे टेकले तरच तो पडसाद खरा धरायचा. आणि सगळ्यात मोठा नियम म्हणजे हाकेला ओ द्यायची नाही. काका बजावून सांगायचे, "ओ देल्ली का खेळ खतम. सारी भित मुकी होते. मंग तुमचंही गेलं अन् माहंही गेलं."

त्यांचं जे होतं, ते माझंही होतं. माझे वडील याच जिनमध्ये कामाला होते आणि काकांचे जिवलग दोस्त होते. मी लहान असताना ते सरकीच्या हौदात पडले. वरून सरकी पडत राहिली, मशीन धडधडत राहिली. सगळ्यात जवळ काका होते, आणि त्यांना काही ऐकू आलं नाही. माझ्या वडिलांनी हाक तर मारलीच असेल, असं नंतर कोणीतरी सहज बोलून गेलं. ते वाक्य काकांच्या मनातून कधी गेलं नाही. ती हाक या भिंतीत कुठेतरी आहे आणि मरण्याआधी ती आपल्या कानावर पडलीच पाहिजे, एवढ्याचसाठी ते बसत. मीही तेवढ्याचसाठी बसत होतो. मला तर वडिलांचा आवाजही आठवत नव्हता. तुझा आवाज अगदी त्याच्यासारखा आहे, असं काका म्हणत, पण त्याचा मला काय उपयोग?

मंडळीत एक म्हातारी बाई होती. जिनमध्ये कापूस निवडायला असायची. तिला तिच्या मेलेल्या बहिणीचं हसू ऐकू यायचं. पंजा टेकवताना तिचा चेहरा असा निवायचा, की मला तिचा हेवा वाटायचा.

एका बाजाराला मी घरातून निघालो तेव्हा बायको म्हणाली, "जा, बसा तुमच्या भुतायच्या सोसायटीत. जित्या माणसाची हाक तं तुमाले कधी ऐकू येत नाही."

मी चिडलो, पण रस्ताभर ते डोक्यातून जाईना. वर्षानुवर्षं बसून माझ्या पदरी काय पडलं होतं? ठरवलं, आज काकांना सांगून टाकायचं की मी काही आता येणार नाही. पोचलो तर बैठक सुरू झालेली. बोलता येईना. म्हणून मागच्या बाजूला, सरकीच्या गोदामात जाऊन थांबावं म्हटलं. तिथल्या हौदावर फळ्या टाकलेल्या होत्या. त्यावर बरीच धूळ साचली होती आणि माझं लक्ष दुसरीकडे होतं. फळी मोडली आणि मी खाली गेलो.

पाय अंगाखाली मुडपला. हौदाची भिंत माझ्या डोक्याहून उंच. मी जीव खाऊन ओरडलो, "अरे, कोणी हाय काय? काढा मले!"

पलीकडे सगळं चिडीचूप.

आणि मग माझ्या लक्षात आलं. मधल्या भिंतीपलीकडे मंडळी बसली होती. त्यांना सरकीच्या हौदातून माझ्या वडिलांचा आवाज येत होता. सगळे पंजे एव्हाना जमिनीला टेकले असणार, कुणाच्या डोळ्यांत पाणीही आलं असणार, आणि नियमाप्रमाणे कोणीही जागचं हलणार नव्हतं. मी माझं नाव घेऊन ओरडलो. पण हौदात शब्द फुटत होते, भिंतीपलीकडे जात होता तो नुसता आवाज. जेवढं जास्त ओरडावं, तेवढी त्यांची खात्रीच पटणार. मला रडू आलं आणि त्यातच हसूही आलं. बायकोला हे कळलं असतं तर तिनं मला आयुष्यभर सोडलं नसतं. नंतर घसा बसला. पाय दुखायचाही थांबला, तेव्हा मात्र मी खरा घाबरलो. वडील असेच गेले असतील, असं वाटलं, आणि सारं अंग ढिलं पडलं.

तेवढ्यात पलीकडून फाटक्या आवाजात कोणीतरी ओरडलं, "ओऽऽ! आलो रे, आलो!"

काका होते ते. मागोमाग त्या बाईचा आवाज आला, "अवो, ओ नोका देऊ! नोका देऊ! माही बहीण जाईन!" पण काकांनी ओ दिली होती. तिची बहीण, इतरांचे जे कोणी होते ते, सगळे त्यांनी त्या एका 'ओ'पायी घालवले होते, आणि ते त्यांना पुरतं ठाऊक होतं. त्या दिवसानंतर मंडळी पुन्हा बसली नाही. त्या बाईनं त्यांच्याशी बोलणं टाकलं ते कायमचं.

काकांचे गुडघे गेलेले, डोळ्यांत मोतीबिंदू. धडपडत ते हौदाच्या काठाशी आले, पालथे पडले आणि दोन्ही हात खाली सोडले. मी त्यांची बोटं पकडली. वर काढायचं बळ त्यांच्यात नव्हतं, त्यासाठी इतरांची वाट पाहावी लागणार होती. त्यांनी फक्त धरून ठेवलं. त्यांचं तोंड माझ्या अगदी वर होतं, आणि ते माझ्याकडे पाहत असले तरी मला पाहत नव्हते.

"लय उशीर झाला काय बे, दोस्ता?" त्यांनी विचारलं.

काका, मी आहे, एवढं म्हटलं असतं तरी पुरलं असतं. आमच्याकडे 'बे' बरोबरीच्यालाच म्हणतात, आणि उभ्या आयुष्यात मी त्यांच्याशी मान वर करून बोललो नव्हतो. पण मी फार दमलो होतो, आणि मला त्यांची फार दया आली.

"नाही बे," मी म्हणालो, "टायमावर आला तू."