तबकड्यांवरून शिकलेलं नाटक

कारखानीसकाका जेवणाच्या टेबलावर नाटक बसवायचे. मिठाची बाटली म्हणजे नायिका, लोणच्याची बरणी तिचा बाप, आणि नायक म्हणून हाताला लागेल ती वाटी. रेकॉर्ड लावायची, डोळे मिटायचे आणि कडव्याकडव्याला ही मंडळी इकडून तिकडे सरकवायची. आम्ही नवरा-बायको पहिल्यांदा त्यांच्याकडे जेवायला गेलो तेव्हा मी मीठ मागितलं. काकू शांतपणे म्हणाल्या, "थांब जरा, तिचं गाणं चाललंय."

ही नव्वदच्या दशकातल्या अबू धाबीतली गोष्ट. काका मुसफ्फा या कारखान्यांच्या भागात एका लोखंडी कामाच्या वर्कशॉपमध्ये ड्राफ्ट्समन होते. तिथला एक अमेरिकन इंजिनियर मायदेशी परतताना घरचं सामान वाटत सुटला. कुणी फ्रिज उचलला, कुणी सोफा. काकांच्या वाट्याला एक खोकं आलं. आत अमेरिकन संगीत नाटकांच्या तबकड्या आणि त्या वाजवायचं यंत्र. प्रत्येक कव्हरच्या मागे नाटकाची गोष्ट छापलेली होती. तेवढ्या भांडवलावर या माणसाने त्या रंगभूमीचा सगळा अभ्यास केला. अमेरिका पाहिली नव्हती, तिथलं थिएटर पाहिलं नव्हतं. त्या नाटकांवरचे सिनेमे व्हिडिओच्या दुकानात मिळत, पण तेही ते बघत नसत. "सिनेमात कॅमेरा नाचतो, माणसं नाही," म्हणायचे.

"आधी तिकडेही आपल्यासारखंच होतं," ते सांगत. "गोष्ट थांबायची, बाई पुढे यायची, गायची, पब्लिक खूश. कुठलंही गाणं कुठेही घाला. मग त्यांच्या डोक्यात उजेड पडला. नुसतं बोलून भागत नाही तेव्हाच माणसाने गावं, आणि गाण्यात शिरलेली बाई बाहेर पडताना दुसरी झालेली असावी." कुठलंही गाणं ऐकलं की त्यांचा वर्कशॉपमधला प्रश्न ठरलेला. "हा खांब लोड घेतोय की शोभेचा आहे? शोभेचा असेल तर खलास, काढून टाका."

हा प्रश्न मला चांगलाच महागात पडला. लग्नाआधी मी मिरजेला आठ वर्षं गाणं शिकले होते. इथे आल्यावर ते आरत्यांपुरतं उरलं होतं. अशात इथल्या मराठी मंडळाने काकांनी लिहिलेलं संगीत नाटक बसवायचं ठरवलं आणि नायिकेसाठी मला विचारलं. खरं सांगते, आनंदाने मी दोन दिवस धड झोपले नाही. मुलाला शिकायला घेऊन भारतात परतावं की नवऱ्याजवळ इथेच राहावं, अशा पेचात पडलेली बाई मला करायची होती. शेवटच्या गाण्यात ती जायचं ठरवते. त्या गाण्यात मी छान आलाप, ताना पेरल्या होत्या. पहिल्याच तालमीत काकांनी कात्री चालवली.

"काका, हे नाट्यपद आहे. तानांशिवाय कसं?"

"तिने बॅग भरायला घेतलीय, शैला. हरकती घेत बसली तर फ्लाइट चुकेल तिची."

मी रुसले. तालीम सुट्टीच्या दिवशी, शुक्रवारी असायची; दोन शुक्रवार गेले नाही. मग एकदा घरी कपड्यांच्या घड्या घालताना त्यांच्या म्हणण्याप्रमाणे सरळ गाऊन पाहिलं, आणि तिसऱ्या ओळीला मलाच रडू आलं. मुकाट्याने तालमीला गेले. काका एवढंच म्हणाले, "यल्ला, चला, पहिल्यापासून."

त्यांची दुसरी अट मात्र मला कधीच पटली नाही. वन्समोअर घ्यायचा नाही, टाळ्यांसाठीसुद्धा थांबायचं नाही. शेवटचा सूर सुटला की बॅग उचलायची आणि विंगेत जायचं. "रेकॉर्ड ऐक ना. एका तरी गाण्यानंतर थांबतात का? जायचं ठरवलेला माणूस उभा राहत नाही."

प्रयोगाला एका शाळेचं सभागृह गच्च भरलं होतं. शेवटचा सूर लागला आणि जो कडकडाट झाला, तसा मी आयुष्यात पुन्हा ऐकला नाही. मागून "वन्समोअर!" अशा आरोळ्या उठल्या. विंगेत काका बोटाने खूण करत होते, चल, चल. मी बॅग उचलली आणि गेले. टाळ्या अर्ध्यात अडखळल्या, माणसं एकमेकांकडे बघू लागली. मंडळाच्या अध्यक्ष देसाईवहिनी आत येऊन म्हणाल्या, "अगं, दोन मिनिटं थांबली असतीस तर काय बिघडलं असतं?"

काकांना मात्र वाटत होतं, सगळं अगदी बरोबर झालं. पुढच्या वर्षी मला मुलगी झाली, मंडळ नाटक सोडून ऑर्केस्ट्राकडे वळलं, आणि माझं रंगमंचावरचं गाणं तेवढ्यावरच संपलं. पाच-सहा वर्षांनी काका रिटायर झाले, व्हिसा संपला, निरोपाचा चहाही झाला. प्रयोगाच्या त्या दिवसाबद्दल आम्ही दोघांनी कधी अवाक्षर काढलं नाही.

दोनेक वर्षांनी एका संध्याकाळी फोन आला. काका-काकू न्यू जर्सीला मुलाकडे गेले होते.

"शैला, काल मुलाने नाटक दाखवलं. खरं. थिएटरात."

"कसं होतं?"



"तिचं गाणं संपलं, टाळ्या सुरू झाल्या. मला वाटलं आता निघेल. ती हललीच नाही गं. हात तसाच, नजर तशीच. लोक टाळ्या वाजवतायत, वाद्यवालेही थांबलेत. सगळं शांत झाल्यावर तिने पुढचं वाक्य घेतलं. गोष्ट कुठेही तुटली नाही. टाळ्यांना त्यांनी जागाच ठेवलेली असते."

"मग रेकॉर्डवर?"

"रेकॉर्डिंग स्टुडिओत होतं. तिथे टाळ्या वाजवायला असतं कोण? इतकी साधी गोष्ट, आणि मला सुचली नाही. तुझ्या हक्काच्या टाळ्या होत्या. मी तुला घेऊ दिल्या नाहीत."

जाऊ द्या हो काका, असं मी म्हणायला हवं होतं. पण इतकी वर्षं त्यांचा राग धरून बसले होते, हे मला त्या क्षणी कळलं.

"फोन ठेवू नकोस," ते म्हणाले. रिसीव्हर टेबलावर ठेवल्याचा आवाज आला. मग टाळ्या. म्हाताऱ्या हातांच्या, सावकाश. त्यात काकूंच्या बांगड्याही वाजू लागल्या.

तव्यावर पोळी करपत होती. मुलगी "आई, समथिंग इज बर्निंग" म्हणत आत आली. टाळ्या थांबेपर्यंत मी जागची हलले नाही.