पाणी कुठवर येतं?

आमच्या हिच्या मामांनी आजवर एकही इमारत वरून खाली पाहिलेली नाही. तुमची-आमची नजर आधी छपराकडे जाते, मग खिडक्या, मग दार. मामा जोत्यापासून सुरुवात करतात आणि विटेविटेने वर चढत कुठेतरी थांबतात. जिथे थांबतात तिथवर पुराचं पाणी येऊन गेलेलं असतं, निदान यायला हरकत नसते असं त्यांचं मत असतं. महाडच्या बाजारपेठेत त्यांचं भांड्यांचं दुकान आणि वरच्या माळ्यावर बिऱ्हाड. दर काही वर्षांनी सावित्री नदी गिऱ्हाइकासारखी पायऱ्या चढून आत येते, काही माल बरोबर नेते आणि मामा मागच्या भिंतीवर पेन्सिलीने रेघ ओढून शेजारी साल लिहितात. त्यांच्या वडिलांचं कापडाचं दुकान होतं. ते पुरात धुऊन निघाल्यावर मामांनी भांडी आणली. ‘कापड भिजतं, भांडं नुसतं बुडतं,’ एवढं एकच व्यापारशास्त्र त्यांनी आयुष्यभर वापरलं. कुकरची शिट्टी घ्यायला आलेल्या बाईलाही ते आधी ती भिंत दाखवतात. कापडे गावाहून लग्नाची भांडी घ्यायला आलेलं वऱ्हाड भिंत पाहता पाहता शेवटची एसटी चुकवून बसल्याचं मला ठाऊक आहे.

आमचं लग्न ठरत होतं तेव्हा मुलीकडून हेच मामा आमच्या पोलादपूरच्या घरी आले होते. माझी नोकरी महाडच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका औषधाच्या कारखान्यात, ऑफिसात आहे. कंपनी कोणती, पगार किती, बढती कधी, या सगळ्या प्रश्नांची उत्तरं मी पाठ करून ठेवली होती. मामांनी एकही विचारला नाही. चहा घेतला, उठले आणि घराला प्रदक्षिणा घातली. परसातल्या विहिरीत वाकून पाहिलं, जोत्यावर टाच आपटली आणि समोरच्या उताराकडे बघत वडिलांना म्हणाले, “टेकाडावर हाय. मुलगी द्यायला हरकत नाय.” माझ्याकडे त्यांनी पाहिल्याचं मला आठवत नाही. आपण पसंत पडलो नसून आपलं जोतं पसंत पडलं आहे, हे मी तेव्हाच ओळखलं आणि अजून ते मनाला लावून घेतलेलं नाही.

मामींचं माहेर वरंधचं, घाटाच्या पायथ्याला पण डोंगराच्या अंगावर. तिकडे पाणी येतं ते वाहून जायला, मुक्कामाला नाही. “डोंगरातली बाय खाली आणली नि पाण्यात ठेवली,” एवढं त्या हसत सांगतात आणि कामाला लागतात. गेल्या मोठ्या पुरानंतर मात्र त्यांचं ते हसणं कमी झालं. त्या वेळी पाणी माळ्याच्या शेवटच्या पायरीशी येऊन थांबलं होतं. त्यानंतर पावसाळ्याचे चार महिने मामी दिवा लावून झोपू लागल्या. पुण्यातल्या त्यांच्या मुलाने हे पाहिलं आणि धोशा लावला: दुकान बंद करा, इकडे या, सातव्या मजल्यावर फ्लॅट आहे. मामांचं उत्तर ठरलेलं होतं, “पाणी दोन दिवस राहतं रे. बाकीचे सगळे दिवस मी राहतो.” या वाक्यापुढे बापलेकांचं बोलणं जात नसे. शेवटी मुलाने युक्ती काढली. त्याने मामा-मामी आणि आम्ही दोघं अशी चौघांची काशीची सहल ठरवली. ‘छोटा गट, सोबत जाणकार गाईड, प्रत्येकाकडे वैयक्तिक लक्ष’ अशी ती सहल होती. निघताना त्याने सांगितलं, “बाबा, परत आलात की काय ते एकदा सांगून टाका. दुकान का पुणं. पुन्हा विचारणार नाही.” मला बाजूला घेऊन म्हणाला, “तिकडे निवांत असतील. जरा समजवा.” मामांना आजवर कोणी काही समजावू शकलं नव्हतं, पण जावयाला नाही म्हणता येत नाही.

विमानात मामा अगदी शांत होते. इतक्या वर पाण्याची काळजी नसावी. काशीला उतरल्यावर मात्र हॉटेलात तळमजल्यावरची खोली मिळाली आणि त्यांचा चेहरा पडला. ऊन रणरणत होतं, आभाळात ढगाचा ठिपका नव्हता आणि नदी तिथून बरीच लांब होती. तरी मॅनेजरचं डोकं खाऊन त्यांनी तिसरा मजला मिळवला. लिफ्ट बंद होती. धापा टाकत वर पोचल्यावर त्यांनी बॅगा कपाटाच्या डोक्यावर चढवल्या, चपला खिडकीत ठेवल्या, आधारकार्डं प्लास्टिकच्या पिशवीत, ती पिशवी दुसऱ्या पिशवीत घालून पडद्याच्या दांडीला बांधली आणि मग कुठे पाणी प्यायले. “यांना वरचा मजला हवा तर पुण्याचा सातवा काय वाईट हाय?” मामी माझ्या कानात म्हणाल्या. मला हे आधी सुचलं नव्हतं. जेवताना मी तोच मुद्दा मामांपुढे मांडला. ते म्हणाले, “जावईबापू, तिथं खाली नदी कुठाय?” मी पुन्हा भातात हात घातला.

आमचा गाईड सडसडीत, पान खाणारा, कमरेला छोटा स्पीकर लावलेला बनारसी गृहस्थ होता. त्याचं सगळं बोलणं तोंडपाठ होतं आणि मध्ये कोणी बोललेलं त्याला खपत नसे. पहिल्याच देवळापाशी त्याने राजांची वंशावळ सुरू केली. तो तिसऱ्या पिढीवर आला असेल नसेल, तोच मामांनी हात वर केला, “वो सब ठीक है. पाणी किधर तक आता है?” गाईड गडबडला. वंशावळीत पाणी नव्हतं. त्याला पुन्हा पहिल्या राजापासून सुरुवात करावी लागली. पुढच्या किल्ल्यात तोच प्रश्न, पुढच्या मठात तोच. सारनाथला गाईडने आपण होऊनच सांगून टाकलं की इथे पूर येत नाही. तेव्हा मामांचा त्या जागेतला रस संपला आणि स्तूपाकडे पाठ करून त्यांनी बाकावर चिवड्याची पिशवी सोडली. आमच्या गटात नाशिकच्या एक निवृत्त मुख्याध्यापिका होत्या. त्या पहिल्या दिवशी मामांकडे डोळे वटारून बघायच्या. दुसऱ्या दिवशी एका धर्मशाळेत मामा खोकला आल्यामुळे गप्प राहिले, तर त्याच कुजबुजल्या, “अहो, विचारा ना, कुठवर येतं?” तिसऱ्या दिवशी गाईडने हत्यारं टाकली. प्रत्येक ठिकाणी तो देवाच्या नावाआधी हातातल्या छत्रीने भिंतीवर खूण दाखवून म्हणू लागला, “और मामाजी, यहाँ पानी यहाँ तक.”

मग नावेतून घाट पाहायचा कार्यक्रम आला. सगळे कळस बघत होते, मामा पायऱ्या बघत होते. एकाएकी ते उभे राहिले. नाव डुलली, नावाडी ओरडला. समोरच्या दगडी भिंतीवर रंगाने रेघा मारलेल्या होत्या आणि प्रत्येक रेघेशेजारी साल लिहिलेलं होतं. मामांनी टोपी काढली आणि भिंतीला हात जोडले. देऊळच असणार अशा समजुतीने मुख्याध्यापिकाबाईंनी हात जोडले, त्यांचं पाहून बाकीच्यांनी जोडले, आणि आमचा अख्खा छोटा गट पूररेषेला भक्तिभावाने नमस्कार करून मोकळा झाला. गाईडने काही खुलासा केला नाही. मामा मात्र त्या संध्याकाळी लहान मुलासारखे खूश होते. “बघ गो,” ते भाचीला म्हणाले, “आपणच एकटे येडे नाय.” माझ्या मनात आलं, झालं, आता पुणं गेलं.

शेवटच्या दिवशी गाईडने आमच्या गटाला एका गल्लीतल्या तांब्यापितळेच्या दुकानात नेलं. बहुधा मामांसाठीच नेलं असावं. गादीवर मामांच्याच वयाचे एक शेठजी बसले होते. मामांनी एक तांब्या उचलला, पालथा केला, बोटाच्या पेराने टिचकी मारून कानाशी धरला. शेठजी हसले आणि म्हणाले, “आप भी बर्तनवाले हैं.” मग त्यांनी न विचारता पडदा बाजूला केला. मागच्या भिंतीवर रेघा होत्या. आजोबांची, वडिलांची, त्यांची स्वतःची. मामा एकेका रेघेवर हात ठेवत राहिले. शेठजींनी विचारलं, “आपके यहाँ कहाँ तक आता है?”

उभ्या आयुष्यात मामांना हा प्रश्न कोणी उलट विचारला नसेल. त्यांनी हात वर केला. पुरेना. टाचा उचलल्या, तरी पुरेना. शेवटी शेठजींनी स्टूल दिलं, मामा त्यावर चढले, मामींनी खालून स्टूल धरलं, आणि छताच्या वीतभर खाली मामांनी तळवा टेकवला. “गये वक्त इधर तक.” आवाजात मोठा रुबाब होता. शेठजी त्या तळव्याकडे बघत राहिले. “कितने दिन में चढ़ा?” मामा म्हणाले, “दिन कहाँ. एक रात में.” शेठजींचा चेहरा बदलला. आमची गंगा पायरी पायरी चढते, ते सांगू लागले, आधी घाट बुडतो, मग खालची गल्ली, तोवर सगळा माल हलवून आम्ही भावाकडे राहायला जातो. आणि मग त्यांनी अगदी साधेपणाने, काळजीने विचारलं, “एक रात में? तो आप लोग वहाँ रहते क्यों हैं?”

हा प्रश्न मामांना मुलाने विचारला होता, व्याह्यांनी, सरकारी माणसांनी, आडून आडून मीही विचारला होता. “पाणी दो दिन रहता है...” मामांनी सुरुवात केली. पण विचारणारा पाण्यातलाच माणूस होता. वाक्य पुढे गेलं नाही. मामांनी खाली पाहिलं. स्टूल धरलेल्या मामी वर बघत होत्या. मामा सावकाश उतरले, तो तांब्या विकत घेतला, भाव केला नाही.

परतीच्या आधी आम्ही चौघं घाटाच्या पायरीवर बसलो होतो. बऱ्याच वेळाने मामांनी मामींना विचारलं, “त्या वेळी तुला भ्या वाटलं होतं?”

“वाटलं होतं.”

“बोलली नाय कधी.”

“तुम्ही जिन्यात रेघा ओढीत होतात,” मामी म्हणाल्या. “पाणी एक पायरी चढलं की एक रेघ. मी बॅटरी धरली होती. मधी कुठं बोलू?”

मामांनी मान खाली घातली. मला त्यांच्याकडे बघवेना, म्हणून मी नावा बघत बसलो. मग ते माझ्याकडे वळून म्हणाले, “पोराला फोन लावा जावईबापू. सातवा मजला म्हणजे किती पायऱ्या, ते विचारा. लिफ्ट चालू असते का तेही.” मला दिलेली कामगिरी अशी माझ्याशिवायच पार पडली.

आता दुकान एका मोबाइलवाल्याकडे भाड्याने आहे. मामांनी त्याला अट एकच घातली. हवा तसा रंग द्या, मागची भिंत सोडून. त्यामुळे मोबाइलच्या रंगीबेरंगी कव्हरांच्या मधून महाडचे सगळे पूर अजून डोकावतात. परवाच्या पावसात कारखान्याची बस बाजारपेठेत अडकली आणि माझा फोन वाजला.

“कुठवर?” मामांनी विचारलं.

“दुकानाच्या पहिल्या पायरीला लागलंय.”

त्यांनी फोन ठेवला नाही. मी तिथेच थांबलो. पाऊस ओसरला, पाणी पायरीवरून हलेना, आणि मग हळूहळू उतरलं. मी तसं सांगितलं. “बरं झालं,” मामा म्हणाले. बरं झाल्यासारखा तो आवाज नव्हता. महाडला पाणी येऊन जावं आणि आपण तिथे नसावं, असं त्यांच्या आयुष्यात पहिल्यांदा होत होतं. मला फार वाईट वाटलं. तेवढ्यात तिकडे फोन मामींनी घेतला.

“जावईबापू, रेघ काढलीत का?”

“अहो मामी, पाणी आतच आलं नाही.”

“नाय आलं तर नाय आलं. पायरीवर काढा. त्यांची पेन्सिल गल्ल्यामागं खिळ्याला टांगलेली हाय.”

मोबाइलवाल्याने पेन्सिल काढून दिली. मी छत्री मानेत धरून गुडघ्यावर बसलो आणि पायरीच्या ओल्या दगडावर जमेल तशी रेघ ओढली. सगळ्या रेघांत ही सगळ्यात खालची होती. फोन कानाला लावून म्हटलं, “काढली.”

सातव्या मजल्यावर फोनने पुन्हा हात बदलला. मग मामांनी विचारलं, “सरळ आलीय ना?”