पाटलाने देव उचलला तेव्हा

बैलांच्या बाजारात दलाली करून मी वर आलो. रुमालाखाली बोटं धरून सौदे जुळवले आणि त्यातून हिर्डोशीच्या बाजूला भाताचं एक खाचर घेतलं. खाचराला जायची वाट गावच्या पाटलाच्या शेतातून होती. बाजारात लोकांचे बैल धरून उभा राहणारा माणूस जमिनीचा मालक झाला, हे त्याला सोसलं नाही. त्याने वाटेवर दगडांचा गडगा घातला.

भोरच्या कोर्टाने हुकूम दिला: गडगा काढावा, वाट मोकळी ठेवावी. बेलिफासमोर पाटलाने मुकाट्याने गडगा काढला. दुसऱ्या सकाळी मी गडी आणि बैल घेऊन भाताच्या चिखलणीला निघालो, तर वाटेच्या मधोमध शेंदूर फासलेला धोंडा. पुढ्यात नारळ आणि लिंबू.

गड्याने बैल तिथूनच वळवले. "मालक, देवाला वलांडून म्या न्हाई जायाचा."

दुसरा गडी मिळेना. शेंदराला हात कोण लावणार? घरामागे वाढवलेला भातरोपांचा तरवा माझ्या डोळ्यांदेखत पिवळा पडला. त्या वर्षीची लावणी बुडाली.

हुकूम मोडला म्हणून मी कोर्टात अर्ज केला. वकील म्हणाले, "देवाचं प्रकरण आहे. तडजोड करा."

"तडजोडीवरच पोट भरलंय माझं, वकीलसाहेब. ही करायची नाही."

तारखेला पाटील हात जोडून उभा. "सायेब, हुकूम म्या पाळला. गडगा काढला. आता देवच परगट झाला, त्याला म्या काय करू?"

 बाजाराने मला एक शिकवलं होतं. समोरचा आपल्या बैलाची बढाई मारू लागला तर त्याला खोटं पाडू नये. खरं मानावं आणि म्हणावं, मग जुंपून दाखव.

मी म्हणालो, "साहेब, देव प्रकट झाला हे मला मान्य. पाटलांनी तेवढं लिहून द्यावं. भोवतीची जागा देवाची. बेंदराला, बैलांच्या सणाला, सगळ्या गावाने तिथं बैल आणावेत, वर्षभर दर्शनाला यावं."

भोवतीची जागा म्हणजे पाटलाचं सगळ्यात कसदार खाचर. मुन्सफांनी कागद पुढे सरकवला. "देता लिहून?"

पाटलाने कागद मागे सरकवला. मग पुटपुटला, "तसा त्यो धोंडा गडग्यातलाच हाय, सायेब."

"ठेवला कोणी?"

"म्याच."

मुन्सफांनी तुरुंगाचं नाव काढताच त्याने कान धरून माफी मागितली. मुन्सफांनी मला विचारलं, तुमचं काय म्हणणं?

"माफी द्यायची ती कोर्टाने द्यावी. धोंडा मात्र त्यांनी स्वतः उचलावा. गड्याकरवी नाही."

तसाच हुकूम झाला. शेंदूर लागलेला धोंडा कुणी बांधावर फेकत नाही, तो नदीतच सोडावा लागतो. पाटील तो खांद्यावर घेऊन भर गावातून निघाला. पांढऱ्या अंगरख्यावर शेंदूर उतरत होता. मागून मी, माझ्या बैलांच्या गळ्यात घुंगुरमाळा घालून, सावकाश.

अर्ध्या वाटेत त्याला धाप लागली. धोंडा टेकवायला तो वाकला.

"पाटील," मी म्हणालो, "देव भुईला टेकवू नये."

माझ्याकडे न बघता तो पुन्हा चालू लागला. नदी फार लांब नव्हती. तरवा पिवळा पडायला जेवढे दिवस लागले, तेवढ्या दिवसांच्या वाटेवर ती असायला हवी होती.