गुरुजींचा दिनविशेष आणि माझी एक जून

म्हाताऱ्या माणसाशी असं वागू नये, असं म्हसवडातली चार माणसं मला दुकानात येऊन सांगून गेली. सांगोत बापडी. गुरुजींवरचा राग मी तीस वर्षं लोणच्यासारखा मुरवला होता, तो असा फुकट घालवायला नव्हे.

आमच्या गावातल्या शाळेच्या दारात एक फळा होता. त्यावर गुरुजी रोज दिनविशेष लिहायचे. आजच्या तारखेला कुठल्या सालात कोणता राजा जन्मला, कुठली लढाई झाली, कोण शास्त्रज्ञ वारला, सगळं तोंडपाठ, पुस्तक न बघता. माझा आवाज खणखणीत, म्हणून परिपाठाला तो वाचायचं काम माझ्याकडं. वर्षातून एकदा, ऐन थंडीत, एका थोर पुढाऱ्याच्या जयंतीला, गुरुजी त्या नावाखाली बारीक अक्षरात स्वतःचंही नाव लिहायचे, कारण त्यांचा जन्म त्याच तारखेचा. तेही मी वाचायचो आणि पोरं टाळ्या वाजवायची.

आमचे वाढदिवस त्या फळ्यावर कधी आले नाहीत. येणार कसे? वर्गातले बहुतेक सगळे एक जूनचे, आणि एक जूनला शाळेला सुट्टी.

ही एक जून गुरुजींचीच करणी. शाळेत माझं नाव घालायला आई मेंढरं दुसऱ्याच्या हवाली करून आली होती. "रथाच्या दिशी झालाय त्यो," ती म्हणाली. सिद्धनाथाचा रथ मार्गशीर्षात निघतो. पंचांग उघडलं असतं तर दोन मिनिटांत तारीख सापडली असती. गुरुजी म्हणाले, "बाई, जूनला सहा वर्षं पुरी लागत्यात. ह्याला सहा महिनं कमी पडत्यात." आणि त्यांनी पेन चालवला. मी जागच्या जागी सहा महिन्यांनी मोठा झालो. वर आईनं त्यांनाच हात जोडले.

मला फौजेत जायचं होतं. दुसरं काही म्हणजे काही करायचं नव्हतं. साताऱ्याच्या भरतीत मी पळण्यात पुढं होतो, छातीही भरली. मग कागद बघणाऱ्या हवालदारानं दाखला माझ्या हातात परत दिला. "चार महीने ओव्हर. अगला." खऱ्या तारखेनं अजून दोन महिने शिल्लक होते, पण ते ऐकतो कोण? मैदानाच्या कुंपणाला धरून मी लहान पोरासारखा रडलो. त्या दिवसापासून गुरुजींचं नाव शिवीशिवाय घेतलं नाही.

पुढं सांगलीहून यंत्र आणून मी फ्लेक्सचं दुकान टाकलं. गेल्या हिवाळ्यात गुरुजींचा मुलगा आला. वडिलांची पंच्याहत्तरी, मोठा सत्कार, वीस फुटी फ्लेक्स पाहिजे. मजकूर देऊन गेला आणि छापण्याआधी बघायला आलाच नाही. मी फोटो उजळला, झेंडूची नक्षी घातली, काना-मात्रा हलवला नाही. फक्त नावाखाली छापलं, जन्म : १ जून.

फ्लेक्स ऐन वेळेला मीच स्टेजमागं टांगला. सत्काराला स्वेटर, मफलर घातलेली माणसं त्या एक जूनसमोर बसली. आधी एक हसला, मग रांगच्या रांग. गुरुजी मागं वळले, वाचलं आणि त्यांचा चेहरा उतरला. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. मुलगा धावत आला, "आवं, हे काय करून ठेवलंसा?" मी सरळ स्टेजवर चढलो आणि गुरुजींसमोर उभा राहिलो.

"गुरुजी, परिपाठाला दिनविशेष वाचणारा मीच. एक जूनपायी भरतीत चार महिन्यांनी हुकलो, त्यो बी मीच."

 मग त्यांनी खिशातून पेन काढला आणि निमंत्रणपत्रिका पालथी केली. 

"खरी तारीख कंची रं तुजी? सांग, लिहून घेतो."

ह्या प्रश्नानं आपण विरघळू, असं मला कायम वाटायचं. कुठलं काय. तारीख मी कधीच पंचांगातून काढून ठेवली आहे, वारासकट पाठ आहे. आई गेली, त्यामुळं आता ती माझ्याशिवाय कुणाला सांगता येणार नाही. गुरुजी पेन टेकवून वाट बघत होते. मी सांगितली नाही.