साधं पाणी

हे मी आजवर कुणाजवळ बोललो नाही. बायकोजवळही नाही — माझं तिच्यापासून काही लपत नाही, असा तिचा समज आहे. तुम्हाला सांगायला बसलो, तर आत्ताच दोनदा उठून आलो. एका माशापायी एवढं? पण मासा निमित्त होता. म्हणजे — तो जिवानिशी गेला, आणि मी त्याला निमित्त म्हणतोय. बघा, सुरुवातच अशी.

मासा माझ्या थोरल्या भावाचा. आम्ही कोष्टी, हातमागावर बसलेले शेवटचे आमचे बाबा. दादा निवृत्त झाला आणि नागपुरात, घरच्या हॉलमध्ये, खाऱ्या पाण्याची टाकी मांडून बसला. त्यात एकच मोठा मासा, एम्परर एंजल, प्रवाळाच्या कपारीत राहणारा. आणला तेव्हा गर्द निळ्या अंगावर पांढरी वर्तुळं होती. वाढताना ती पुसत गेली आणि पिवळे-निळे पट्टे उमटले. दादा मला फोन करून बोलवायचा, 'ये, पाह्य, लुगड्यावानी काठ उतरून राहिला त्याच्या अंगावर.' दादा काचेजवळ गेला की मासा बाहेर येई आणि आतून टक् टक् असा आवाज काढी. मला हसू यायचं. खरं सांगू? थोडा मत्सरही वाटायचा.

मे महिन्यात दादा-वहिनी लेकीच्या बाळंतपणासाठी पुण्याला गेले. टाकी माझ्यावर सोपवली. उन्हाळ्यात पाणी उडतं, मीठ मागे राहतं, म्हणून वरून बिनमिठाचं साधं पाणी घालायचं. पण नळाचं नाही, त्यात औषध असतं — मशीनमधून गाळलेलंच. दादानं दोनदा सांगितलं. मी दोनदा मान डोलावली.

चार दिवस गेलोच नाही. ऊन होतं. कूलरसमोरून उठवत नव्हतं — हे कारण आहे का? पाचव्या दिवशी कुसुमताईंना फोन केला. त्या दादाकडे कितीतरी वर्षं स्वयंपाक-झाडलोट करत होत्या, झाडांना पाणी घालायला रोज येत होत्या. म्हटलं, टाकीत काचेवरच्या खुणेपर्यंत साधं पाणी घाला.

आमच्याकडे साधं पाणी म्हणजे फ्रिजमधलं नव्हे ते. पाहुण्यालाही आपण विचारतो, थंड की साधं? त्यांनी बरोबर तेच धरलं. तरी विचारलं — हो, त्यांनी विचारलं होतं — 'भाऊ, साधं म्हंजे नळाचंच न?'

मी मोबाइल खांद्याशी धरून आंबा चोखत होतो. म्हणालो, 'हो हो, तेच.'

चार दिवसांची तूट. त्यांनी नळाच्या दोन बादल्या एकदम ओतल्या. दुसऱ्या दिवशी त्यांचाच फोन, 'मासोई कोपऱ्यात बसली हाये, खाऊन नाई राहिली.' गेलो तोवर तो आडवा झाला होता. पट्टे फिकट पडले होते.

दादा परतला. रागावला नाही, नुसता काचेपाशी उभा राहिला. मग विचारलं, 'तू तिले मशीनचं सांगितलं होतं न?' कुसुमताई दारातच होत्या. मी काय म्हणालो असेन?

'सांगितलं होतं,' म्हणालो.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. वहिनींनी महिनाअखेरीस त्यांना कामाला नको म्हटलं. भांडण नाही, आवाज नाही. मी तेव्हाही बोलू शकलो असतो. दर रविवारी दादाकडे जेवत होतो, वाटेल तेव्हा बोलू शकलो असतो.

इतक्या वर्षांनी, गेल्या महिन्यात कुसुमताई गांधीबागेच्या कापडबाजारात भेटल्या. थकल्या आहेत, गुडघे धरून चालतात. त्यांनीच हाक मारली. मला वाटलं, आता हिशेब होणार — आणि विश्वास ठेवा, मला बरं वाटलं.

त्या म्हणाल्या, 'भाऊ, माह्याच कानाचा दोष व्हता. तुमी मशीनचंच म्हणले असान. मी नळाचं आयकलं. तो मासा लय डाचते मले.'

माझ्या खोट्यानं त्यांचं खरं पुसून टाकलं होतं. आजूबाजूला कापडाचे गठ्ठे उतरत होते, कुणी आमच्याकडे पाहत नव्हतं. सांगायला एक वाक्य पुरलं असतं.

मी म्हणालो, 'जाऊ द्या कुसुमताई, होते चूक माणसाकडून.'

त्यांनी मला हात जोडले. मी ते जोडू दिले.