आमच्या निर्मातीने उगवलेला सूड

आमची निर्माती तुर्कस्तानातून लंडनला आली ती तिच्यावर तिथे खटला भरला गेला म्हणून. सरकारला न रुचणारे सिनेमे ती काढायची. मी लंडनच्याच पिनर भागात राहते आणि सिनेमांचं एडिटिंग करते. खाणीतल्या आगीत नवरे गमावलेल्या बायकांवरचा तिचा सिनेमा माझ्याकडे आला. त्यात मंत्री सांत्वनाला येतो, तेव्हा एक बाई त्याने आणलेलं ब्लँकेट त्याच्याच पायांशी टाकून विचारते, "आत माणसं जिवंत असताना खाणीचं तोंड का बुजवलंत?" ती नटी नव्हती. तिचा नवरा खरोखरच त्या खाणीत गेला होता.

आमच्या इंग्लिश सहनिर्मात्याने आम्हाला न सांगता तेवढाच प्रसंग उडवला. त्याला सिनेमा तुर्कस्तानातल्या एका सरकारधार्जिण्या चॅनेलला विकायचा होता. मला कळलं तसा मी निर्मातीला फोन लावला.

"आत्ताच जाब विचार त्याला," मी तिला म्हटलं.

"नको. आधी त्याला मिरवू दे."

साउथहॅम्प्टनच्या फेस्टिव्हलमध्ये तो मनसोक्त मिरवला. स्टेजवरून कलावंताच्या धाडसावर बोलला, पहिल्या रांगेतल्या चॅनेलवाल्यांकडे बघून हसला. पण थिएटरला कॉपी निर्मातीने पाठवली होती, आणि ती मी एडिट केलेली होती, तो प्रसंग असलेली. पडद्यावर ब्लँकेट पडलं तसा तो खुर्चीतून अर्धवट उठला. तिने त्याची बाही धरली.

"बसा ना. तुमचंच धाडस बघतायत सगळे."

दिवे लागल्यावर तिने त्याने काय केलं ते भरल्या थिएटरला सांगितलं. वर म्हणाली, "विकायला माझी सही लागते. ती मी देणार नाही." चॅनेलवाले उठून निघून गेले. त्याचा चेहरा मी डोळे भरून पाहिला.

बाहेर तो तिला म्हणाला, "तुम्ही मला संपवलंत."

"आणि तुम्ही त्या बायकांचं तोंड दाबलंत," ती म्हणाली आणि कोटाची बटणं लावू लागली.

सिनेमा तुर्कस्तानात टीव्हीवर कधीच लागला नाही. खाणीच्या गावात मात्र त्या बायकांनी युनियनच्या हॉलमध्ये तो दाखवला.

त्या माणसाला आता फारसं कुणी बोलावत नाही. गेल्या वर्षी त्याने माझ्याकडे काम घेऊन फोन केला, आवाज पडलेला. मी सगळं ऐकून घेतलं आणि नाही म्हटलं. "सोडून दे आता," जवळच स्टॅनमोरला राहणारी आई सांगते. मी तिला हो म्हणते. सोडत मात्र नाही.